रामा शेट्टी आमच्या गावचा

मिठाच्या पाण्याचा डिमर आता कुणाला दाखवायचा म्हटलं तरी सापडणार नाही. चिनीमातीची उभी बरणी, आत मीठ घातलेलं पाणी, तळाशी शिशाची एक पट्टी आणि वरून दोरीला टांगलेली दुसरी. वरची पट्टी हळूहळू खाली सोडली की रंगमंचावर उजाडायचं, वर ओढली की सांज व्हायची. मीठ चिमूटभर जास्त पडलं तर फ्यूज उडणार, कमी पडलं तर सूर्य अर्ध्यातच अडकणार. तिसऱ्या अंकापर्यंत पाणी असं तापायचं की विंगेत वाफ दाटायची. मी दिवसा वायरमन आणि संध्याकाळी नगरच्या हौशी नाटकांचा सूर्य. डालड्याच्या डब्यांचे स्पॉट करायचे, त्यांना रंगीत जिलेटीन लावायचं, आणि उघड्या वायरीवर कुणा नटाचा पाय पडू नये म्हणून विंगेत उकिडवं बसायचं. साहेबांनी पाहिलं असतं तर नोकरीच गेली असती. पण साहेब नाटकाला यायचे ते पुढच्या रांगेत बसायचे, आणि पुढच्या रांगेतून विंग दिसत नाही.

आमची नाटकं शाळेच्या वर्गात उभी राहायची. सातनंतर बाकं भिंतीला लावायची, खडूने जमिनीवर रंगमंचाची मापं आखायची: इथं दार, इथं खिडकी, इथं न दिसणारी पायरी. मंडळी कोण? मास्तर, कारकून, कोर्टातला बेलीफ, एसटीतला कंडक्टर, कापडबाजारात गादीवर बसणारा एखादा. स्त्रीभूमिकेला मुलगी मिळवणं हे नाटक लिहिण्यापेक्षा अवघड. तिच्या वडिलांची समजूत काढायला दोघं जायचे आणि तालीम संपल्यावर तिला घरी पोचवायला चौघं. संहिता परिनिरीक्षण मंडळाकडे पाठवायची, परवानगीचा कागद आला की तो निर्मात्याच्या पाकिटात, आणि निर्माता म्हणजे ज्याची किराणा दुकानात उधारी चालते तो. १९५४ साली सरकारने राज्य नाट्य स्पर्धा सुरू केली नसती तर जिल्ह्याच्या गावात नाटक किती उरलं असतं, मला शंका आहे. प्राथमिक फेरीची तारीख लागली की गावातल्या वीसपंचवीस घरांतली जेवणं थंड व्हायला लागायची.

सदाशिव अमरापूरकर या मातीतला नट. नगरची माणसं त्यांना तात्या म्हणायची. मी त्यांच्या कंपूतला नव्हतो हे आधीच सांगून टाकतो, कारण ते गेल्यापासून नगरात त्यांच्या जिवलग मित्रांची संख्या फार वाढली आहे. मी त्यांना पाहिलं ते बहुतेक वेळा प्रेक्षकांत बसून. पण ज्या तालमींतून ते घडले त्या तालमी मला आतून ठाऊक आहेत, म्हणून लिहायला बसलो.

जन्म ११ मे १९५०, नगरमध्येच. पाळण्यातलं नाव गणेशकुमार, आडनाव नरवोडे. घराणं शेवगाव तालुक्यातल्या अमरापूरचं. १९७४ साली रंगमंचासाठी त्यांनी सदाशिव हे नाव घेतलं आणि आडनावाच्या जागी गाव लावलं. मला यात मोठी गंमत वाटते. मुंबईला जाऊन नाव कमावणारे लोक गावाचं नाव टाकून देतात, कानाला बरं वाटेल असं काहीतरी घेतात. हा माणूस शेवगाव तालुक्यातलं अमरापूर घेऊन निघाला आणि पुढं ते नाव देशभरच्या पोस्टरांवर गेलं. अमरापूर कुठं आहे हे त्या पोस्टरांकडे बघणाऱ्या शंभरातल्या नव्व्याण्णवांना माहीत नसेल. आम्हाला माहीत होतं, एवढं पुरे होतं.

शिक्षण इतिहासाचं, पुणे विद्यापीठाचं एम. ए. हे लक्षात ठेवा, पुढं लागेल.

नगरला नट होण्याची परंपरा नवी नाही, फक्त ती कुणी एका दोऱ्यात ओवलेली नाही. २५ एप्रिल १९१८ ला इथं शाहू मोडक जन्मले. ख्रिस्ती घरातलं मूल. बोलपट आला तेव्हा १९३२ च्या ‘श्यामसुंदर’मध्ये ते कृष्ण झाले आणि मग जन्मभर लोकांनी त्यांना कृष्ण करून ठेवलं. ‘माणूस’मधला पोलीस गणपतही त्यांनी केला, १९३९ साली, शांतारामबापूंकडे. पण लोकांना बासरीच हवी होती. आणखी एक मौज सांगतो. त्याच महिन्यात, मोडकांच्या नऊ दिवस आधी, याच नगरात लष्करी नोकरीतल्या एका आयरिश माणसाला मुलगा झाला, तो स्पाइक मिलिगन, पुढं अख्ख्या इंग्लंडला रेडिओवरून हसवणारा. एका एप्रिलमध्ये नगरने एक कृष्ण आणि एक विदूषक जगाला दिला, आणि नगरच्या कुठल्याही चौकात या दोघांबद्दल विचाराल तर लोक तुम्हाला भुईकोट किल्ल्याचा रस्ता दाखवतील. मोडक गेले ११ मे १९९३ ला. म्हणजे अमरापूरकरांच्या वाढदिवशी.

मग मधुकर तोरडमल. मूळचे नगरचे नव्हेत, पण आम्ही ते मान्य करत नाही. १९४७ साली डॉ. भा. पां. हिवाळे यांनी काढलेल्या अहमदनगर कॉलेजात ते इंग्रजी शिकवत होते. वर्गात शेक्सपिअर आणि बाहेर मराठी नाटक. पुढं त्यांनी ‘तरुण तुर्क म्हातारे अर्क’ लिहिलं आणि त्यातल्या प्राध्यापक बारटक्क्यांच्या ‘ह’च्या बाराखडीवर महाराष्ट्र लोळण घेऊन हसला. त्या बारटक्क्यांत आमच्या कॉलेजातला कोणता प्राध्यापक होता यावर नगरात पैजा लागत. २००३ साली नाट्यसंमेलन नगरला भरलं तेव्हा अध्यक्षपदी तोरडमलच होते. ज्या गावात मास्तरकी केली त्याच गावात संमेलनाध्यक्ष म्हणून मिरवणुकीत बसणं किती जणांच्या नशिबी येतं!

इथं एक कबुली द्यायला हवी. आम्ही स्पर्धेची नाटकं करणारे लोक जिल्ह्याच्या दुसऱ्या रंगभूमीकडे पाठ करून बसलो होतो. तीच खरं तर जुनी. अनंत फंदी संगमनेरचे. तमाशाच्या बोर्डावर उभी राहणारी पहिली बाई म्हणून जिचं नाव घेतात ती पवळा संगमनेरजवळच्या हिवरगाव पावशाची. आणि कांताबाई सातारकर, ज्यांनी बाईमाणूस असून फडात शिवाजी महाराज उभे केले, त्या संगमनेरलाच राहिल्या आणि २०२१ साली तिथंच गेल्या. त्यांचा फड नगर परिसरातल्या जत्रेत आला की आम्ही जायचो, पण मागच्या बाजूनं, ओळखीचं कुणी दिसलं की तोंड फिरवत. प्रकाशयोजनेत जे मी पाच रात्री घासून बसवत असे ते त्यांचा पेट्रोमॅक्सवाला पोरगा एका झटक्यात करायचा. नाटक म्हणजे आमचं, तमाशा म्हणजे त्यांचं, ही रेघ आम्ही ओढली. ती जातीचीही होती, हे तेव्हा कुणी बोलत नसे.

आता रामा शेट्टी.

विजय तेंडुलकर, गोविंद निहलानी आणि ‘हॅन्ड्स अप’ हे मराठी नाटक, अशी ती कहाणी. व्यावसायिक रंगभूमीवरच्या त्या नाटकात निहलानींनी अमरापूरकरांना पाहिलं आणि ‘अर्धसत्य’मध्ये रामा शेट्टी या खलनायकाच्या कामासाठी घेतलं. कथा श्री. दा. पानवलकरांची, ‘सूर्य’ नावाची. पटकथा तेंडुलकरांची. त्याआधी अमरापूरकरांनी ‘२२ जून १८९७’ या चित्रपटात लोकमान्य टिळक केले होते, पण तो चित्रपट पाहिलेली माणसं नगरात मोजकी. ‘अर्धसत्य’ मात्र १९८३ साली नगरच्या टॉकीजमध्ये लागला आणि आम्ही सगळी नाटकवाली मंडळी एका रांगेत जाऊन बसलो. आमच्यातला प्रॉम्प्टर तर सवयीने ओठ हलवत होता.

मी बघत होतो उजेड. ओम पुरींचा इन्स्पेक्टर वेलणकर घामेजलेला, ताठ, सगळा चेहरा पेटलेला. आणि समोर हा माणूस घरातल्या घरात लुंगीवर. आवाज चढवत नाही. हात उगारत नाही. एखादा पतसंस्थेचा चेअरमन कर्जदाराला समजावतो तसा बोलतो. त्या काळी खलनायक म्हणजे मोठं हास्य, काचेचा डोळा, शार्कचा हौद. हा माणूस नुसता बसला होता आणि खुर्चीत बसलेल्या मला घाम फुटला. स्टेजवर ज्याने वर्षानुवर्षं शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवलाय त्याला आवाज किती खाली आणता येतो, हे मी त्या दिवशी पाहिलं. शेवटी वेलणकर त्याचा गळा दाबतो, तेव्हा आमच्या रांगेत कुणी टाळी वाजवली नाही. आपल्या गावचा माणूस मरत होता ना!

त्या भूमिकेला सहायक अभिनेत्याचं फिल्मफेअर मिळालं. पुढं हिंदी सिनेमानं त्यांचं काय केलं ते सगळ्यांना माहीत आहे. ‘हुकूमत’पासून सुरुवात झाली आणि मग भडक टोप्या, विचित्र चष्मे, तकिया कलाम. विनोदी कामंही भरपूर, ‘आँखें’, ‘कुली नं. १’, ‘इश्क’. पैसे मिळाले, नाव झालं, त्याबद्दल कुरकुर करायचा मला अधिकार नाही. पण माझं मत विचाराल तर रामा शेट्टीला त्या दीडदोन डझन खलनायकांनी मिळून मारलं, वेलणकरानं नाही. ज्या दिग्दर्शकांनी त्यांना ओरडायला लावलं त्यांना आपल्या हातात काय आहे हे कळलं नाही.

‘सडक’मधली महाराणी हा वेगळा विषय. १९९१ चा चित्रपट. कुंटणखाना चालवणारा तृतीयपंथी. खलनायकाचं फिल्मफेअर त्या वर्षीपासून द्यायला लागले आणि पहिलंच या महाराणीला गेलं. काम थरकाप उडवणारं आहे, यात वाद नाही. पण आज ते बघवत नाही. एका अख्ख्या समाजाला सिनेमानं राक्षस म्हणून रंगवलं आणि आपण टाळ्या वाजवल्या. मी स्वतः वाजवल्या आहेत. आणि याच काळात पडद्याबाहेर काय चाललं होतं? १९८९ साली गिरीश कुलकर्णींनी नगरात स्नेहालय सुरू केलं, लालबत्ती भागातल्या बायका आणि त्यांची मुलं यांच्यासाठी. अमरापूरकर त्या स्नेहालयाच्या पाठीशी उभे राहिलेल्यांपैकी. पडद्यावर कुंटणखान्याची मालकीण आणि इकडं त्याच वस्तीतल्या पोरांच्या संस्थेसाठी वेळ देणारा तात्या. असल्या योगायोगाचं नाटक लिहिलं असतं तर स्पर्धेच्या परीक्षकांनी ‘कृत्रिम’ असा शेरा मारला असता.

त्यांनी दिग्दर्शनही केलं, तेही साधंसुधं नव्हे. तेंडुलकरांचं ‘कन्यादान’, १९८३. समाजवादी घरातली ब्राह्मण मुलगी, दलित लेखक नवरा, आणि बापाच्या आदर्शाची होळी. डॉ. लागू बापाच्या कामात. त्या नाटकावर भांडणं झाली, अजून होतात. ते कुणी हातात घ्यावं, तर ज्याला दोन्ही घरं ठाऊक आहेत त्यानं. मराठी चित्रपटांत सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकरांनी त्यांना ‘दोघी’त, ‘वास्तुपुरुष’मध्ये माणसासारखं वापरलं. हिंदीवाल्यांनी ते बघायला हवं होतं.

आणि एक काम, जे मला सगळ्यांत आवडतं. ‘भारत एक खोज’मधले महात्मा फुले. आता इथं जरा थांबू या. नेहरूंना १९४२ ते १९४५ नगरच्या भुईकोट किल्ल्यात ठेवलं होतं, आणि ‘डिस्कव्हरी ऑफ इंडिया’ हे पुस्तक त्यांनी त्या भिंतींच्या आत लिहिलं. त्या पुस्तकावरून श्याम बेनेगलांनी १९८८ साली त्रेपन्न भागांची मालिका केली. तिच्यात जोतीराव कोण, तर नगरचाच माणूस. आणि जोतीरावांचंही नगरशी नातं आहेच. इथल्या अमेरिकन मिशनच्या सिंथिया फरारबाईंची मुलींची शाळा त्यांनी पाहिली होती, आणि सावित्रीबाईंनी शिक्षिकेचं प्रशिक्षण घेतलं ते याच फरारबाईंकडे. एका किल्ल्यातून निघालेलं पुस्तक, एका मिशनच्या शाळेतून पेटलेली ठिणगी, आणि दोन्ही एका नगरकराच्या चेहऱ्यावर, रविवारी सकाळी, घरोघरच्या टीव्हीवर. आमच्या गल्लीत तेव्हा मोजके संच होते. मी अँटेना धरून गच्चीवर उभा होतो आणि खालून पोरं ओरडत होती, आलं, आलं, गेलं, आलं. फुले मी ऐकले, पाहिले नाहीत.

नट म्हणून ते मुंबईचे झाले, पण कामाचे राहिले इकडचे. डॉ. लागू, निळूभाऊ फुले, बाबा आढाव, डॉ. दाभोलकर या मंडळींनी सामाजिक कृतज्ञता निधी उभा केला. कल्पना साधी: नामवंत नटांनी नाटकाचे प्रयोग करायचे, पैसे साठवायचे, आणि त्यातून पूर्णवेळ समाजाचं काम करणाऱ्या कार्यकर्त्यांना मानधन द्यायचं. अमरापूरकर या निधीत होते, अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामात होते. नगरच्या ऐतिहासिक वस्तुसंग्रहालयाचे ते विश्वस्त होते. इतिहासाचं एम. ए. इथं उपयोगी पडलं. प्रसिद्ध माणूस बहुधा उद्घाटनाला येतो, फीत कापतो, पेढा खातो, जातो. विश्वस्त होणं म्हणजे वीजबिल, गळकं छप्पर आणि वाळवी लागलेली पोथी. कलेसाठी गावात माणसं जमवणारा लागतो, पण जमवून झाल्यावर खुर्च्या परत कोण लावतो, हे आम्ही विंगेतले लोक बघत असतो.

२०१३ ची होळी. त्या वर्षीचा दुष्काळ विसरणं शक्य नाही. जिल्ह्यात चारा छावण्या लागल्या होत्या, शेवगाव-पाथर्डीकडं टँकरची वाट बघत बायका हंड्यांच्या रांगेला राखण बसत होत्या. मुंबईत त्यांच्या राहत्या ठिकाणी होळीला पाण्याचे फवारे सोडून नाच चालला होता. बासष्ट वर्षांचा हा माणूस म्हणाला, पाणी वाया घालवू नका. त्यांना धक्काबुक्की झाली. वर्तमानपत्रात आलं, टीव्हीवर आलं. पडद्यावर शेकडो वेळा हिरोचा मार खाल्लेल्या माणसाने खरा मार खाल्ला तो पाण्यासाठी. ज्याच्या नावातच अमरापूर आहे त्याला ते पाणी दिसल्यावर गप्प बसवलं नसणार.

त्याच वर्षी मे महिन्यात ‘बॉम्बे टॉकीज’ आला. त्यातला एक भाग दिबाकर बॅनर्जींचा, सत्यजित रायांच्या ‘पटलबाबू’च्या कथेवरचा. नवाजुद्दीन सिद्दिकी हा फसलेला नट. सिनेमात रस्त्यावरून जाणाऱ्या माणसाचं, नुसता धक्का लागण्याएवढं काम त्याला मिळतं. ते काम घोकत तो कोपऱ्यात उभा असताना त्याचा मेलेला नाटकातला गुरू पुढ्यात येतो आणि कान उपटतो. तो गुरू अमरापूरकर. चारपाच मिनिटांचं काम. पण जिल्ह्याच्या गावातल्या प्रत्येक नाटकवाल्यानं तो गुरू पाहिलेला आहे. शाळेच्या वर्गात, खडूच्या रेघेबाहेर पाय गेला म्हणून खेकसणारा. मी तो प्रसंग तीनदा पाहिला. पडद्यावरचं त्यांचं ते जवळजवळ शेवटचंच काम.

३ नोव्हेंबर २०१४ ला मुंबईत ते गेले. फुप्फुसांचा आजार. दुसऱ्या दिवशी त्यांना नगरला आणलं, अंत्यसंस्कार इथंच झाले. ४ नोव्हेंबर, त्या दिवशी मोहरम. नगरचा मोहरम ज्याने पाहिला आहे त्याला सांगायला नको. सवाऱ्या, गर्दी, ढोल, त्यात हिंदू खांदेकरीही. त्याच दिवशी गावाने आपला नट पोचवला.

त्यानंतरही गाव थांबलेलं नाही. नागराज मंजुळे नगरच्या न्यू आर्ट्स कॉलेजात शिकले, ‘ख्वाडा’वाला भाऊराव कऱ्हाडे श्रीगोंद्याकडचा. गावाचं नावही आता अहिल्यानगर झालंय. नव्या पोरांकडे एलईडीचे दिवे आहेत, बोटाच्या टोकाने सूर्य उगवतो. मला हेवा वाटतो, पण तो मोठा नाही. वाफेचा वास त्यांना मिळायचा नाही.

माझी तक्रार वेगळी आहे, आणि ती आम्हा नगरकरांविरुद्धच आहे. इतिहासाचा हा विद्यार्थी संग्रहालयाचा विश्वस्त होता, आणि आम्ही आमच्याच नाटकांचे कागद जपले नाहीत. हस्तपत्रिका, तालमींचे फोटो, परवानगीचे कागद, परीक्षकांचे शेरे, सगळं रद्दीत गेलं. माझ्याकडे उरल्यात तीन पत्रिका. कोणत्या वर्षी कोण नायिका होती यावर दोन म्हातारे भांडत बसतात आणि पुरावा कुणाकडेच नसतो.

तुमच्या माळ्यावर एखादी पत्र्याची ट्रंक असेल. आईवडिलांनी, मामांनी, शेजारच्या मास्तरांनी कधी नगरात नाटकात काम केलं असेल. तर ती ट्रंक उघडा. नाटकाचा कागद सापडला तर दिवाळीच्या साफसफाईत टाकू नका, संग्रहालयात नेऊन द्या. पाठीमागे किराण्याचा हिशेब लिहिलेला असला तरी चालेल.